नौकाविहाराचं वाङ्मय

मी समीक्षक नाही, बी.कॉम. आहे. पण नुसत्या वाचनाचाच हिशेब केला तर मी भल्याभल्यांना भारी पडेन. गेली बावीस वर्षं मी बँकेत रोज शंभरेक कागद वाचतो, आणि तेही मागची बाजू उलटून. समीक्षकांपैकी किती जण पुस्तकाच्या मागच्या बाजूखेरीज काही वाचतात, हा प्रश्न मी इथे उपस्थित करत नाही.

सध्या मी परकीय चलनाच्या टेबलावर आहे. म्हणजे चलन परकीय. टेबल आपलं जुनंच, एका पायाखाली कागदाची घडी घातलेलं. एका माणसाला एका आर्थिक वर्षात अडीच लाख डॉलरपर्यंत रक्कम परदेशी पाठवण्याची मुभा रिझर्व्ह बँकेनं दिलेली आहे. ती मलाही लागू आहे. मी अजून तिचा लाभ घेतलेला नाही, एवढंच.

माझ्या टेबलावरून बहुतेक पैसे जातात ते कुणाच्या मुलाच्या कॉलेजच्या फीसाठी. पण मध्यंतरी एक खातेदार आले. त्यांना फ्रान्सच्या दक्षिण किनाऱ्यावर सात दिवसांसाठी आख्खी नौका भाड्यानं घ्यायची होती. नौका म्हणजे यॉट. खलाशी, स्वयंपाकी, कॅप्टन यांच्यासकट. खातेदाराचं नाव मी सांगणार नाही. त्यांचे आकडे बँकेच्या फायलीत आहेत आणि तिथेच राहतील. पुढे जे आकडे येतील ते माझे, 'समजा' ह्या सदरातले. पण त्या निमित्तानं जे वाङ्मय माझ्या हाती पडलं, त्याची दखल मराठीत कुणी घेतलेली दिसत नाही. मॅनेजर म्हणाले, "तुम्ही जरा लिहिता-बिहिता, तुम्हीच वाचा काय ते." तेव्हा समीक्षेची जबाबदारी माझ्यावर रीतसर, तोंडी आदेशानं आलेली आहे.

पहिलं असतं माहितीपत्रक. ते गुळगुळीत कागदावर छापलेलं असतं आणि त्याची शैलीही तशीच असते, नजर घसरते. विशेषणं एवढी की नामं शोधावी लागतात. मला मात्र खटकलं ते चित्रांमधलं निर्मनुष्यपण. पाठ टेकायच्या खुर्च्या आहेत, पण टेकलेलं कुणी नाही. जेवणाच्या टेबलावर बारा पानं मांडलेली आहेत, फळांची आरास आहे, आणि जेवायला एकही माणूस नाही. आमच्याकडे अशी वाढलेली पानं फक्त श्राद्धाला दिसतात. कावळ्याची वाट पाहायची तेवढी बाकी. नौकेच्या वर्णनात 'खेळणी' असं एक स्वतंत्र सदर असतं. त्यात पाण्यावरची स्कूटर आणि वरच्या मजल्यावरून समुद्रात सोडलेली घसरगुंडी वगैरे मोडतात. खेळणार कोण, तर ज्यांना बँक 'ज्येष्ठ नागरिक' म्हणून अर्धा टक्का जादा व्याज देते ते. ह्याला मी हसलो खरा, पण मनातून घसरगुंडी मला आवडली.

एक गोष्ट माहितीपत्रकातून शिकलो. नौका कितीही मोठी असली तरी पाहुणे बाराच. बारापेक्षा जास्त प्रवासी घेतले की आंतरराष्ट्रीय नियमांप्रमाणे ती प्रवासी जहाज ठरते आणि मग नियमांचा वेगळाच डोंगर उभा राहतो. म्हणून पन्नास मीटर लांबीच्या नौकेवरही पाहुणे बारा आणि त्यांच्या दिमतीला जवळजवळ तेवढीच माणसं. अलिबागला आम्ही दोन खोल्यांत एकोणीस जण राहिलो होतो. दिमतीला कुणी नव्हतं. होतं म्हणा, पण त्याकडे नंतर येतो.

ह्या नौका उन्हाळाभर भूमध्य समुद्रात असतात आणि थंडी पडू लागली की त्यातल्या बऱ्याच अटलांटिक ओलांडून कॅरिबियन बेटांकडे जातात. शिवडीच्या फ्लेमिंगोंसारखं ऋतुमान पाळतात. चढताना पायातलं काढून ठेवायला दाराशी टोपली असते, कारण डेकचं सागवानी लाकूड खराब होता कामा नये. इतका पैसा खर्च करून माणूस शेवटी चपला बाहेर काढायलाच शिकतो.

दुसरा खंड म्हणजे करारपत्र. इथे मात्र शैली एकदम बदलते. विशेषणं संपतात आणि क्रियापदं सुरू होतात: भरील, देईल, भरून देईल. गद्य म्हणून हे पहिल्या खंडापेक्षा कितीतरी सरस आहे. भूमध्य समुद्रातल्या दलालांच्या संघटनेनं, तिचं नाव मायबा, एक नमुना करार करून ठेवला आहे आणि बहुतेक व्यवहार त्यावरच होतात. मायबा १९८४ मध्ये स्थापन झाली. नावात माय आहे, पण त्यावर जाऊ नये.

करारातलं सर्वांत सुंदर प्रकरण आगाऊ वरखर्चाचं. भाडं हे नुसतं नौकेचं आणि खलाशांचं. इंधन, खाणंपिणं, बंदराची भाडी हे सगळं वेगळं. त्यासाठी भाड्याच्या साधारण तीस टक्के रक्कम आधीच भरायची. ती कॅप्टनच्या हाती जाते. तो त्यातून खर्च करतो, पावत्या जपतो, हिशेब लिहितो, रक्कम संपत आली की आणखी मागतो आणि शेवटी उरलीसुरली परत देतो. हे वाचताना मला भरून आलं. कारण ही तर आमची अग्रधन पद्धत! एफ.वाय.ला बुककीपिंगच्या तासाला आम्ही शिकलो तीच, किरकोळ रोख पुस्तकाची. फरक इतकाच, की आमच्या किरकोळ रोखीत सुतळी, डिंक आणि चहा असायचा. इथे तासाला शेकडो लिटर पिणारी इंजिनं असतात. समुद्रात छातीवर वारा घेऊन उभा असलेला तो पांढऱ्या गणवेशातला माणूस मुळात कॅशियर आहे, हे कुठल्याही माहितीपत्रकानं सांगितलेलं नाही. त्यांच्या वाङ्मयीन दृष्टीची ही मर्यादा आहे.

आता समजा, आठवड्याचं भाडं एक लाख युरो. वरखर्च तीस हजार. फ्रान्सचा २० टक्के व्हॅट म्हणजे वीस हजार. निघताना खलाशांना बक्षिशी, पाच ते पंधरा टक्क्यांच्या दरम्यान देण्याचा रिवाज आहे, म्हणजे मध्यम मार्गानं दहा हजार. लाखाचे एक लाख साठ हजार झाले आणि अजून नांगर उचललेला नाही. यॉट हा शब्द डच आहे. चाच्यांचा आणि चोरट्या व्यापाऱ्यांचा पाठलाग करणाऱ्या हलक्या, वेगवान जहाजांसाठी तो वापरत. पाठलाग कुणी कुणाचा करायचा, याबाबत मधल्या काळात थोडा घोटाळा झालेला दिसतो.

एवढं करून नायक कोण? पैसे भरणारा, असं तुम्हाला वाटेल. तसं नाही. कॅप्टननं पाहुण्याचं म्हणणं ऐकायचं, पण वारा, हवामान आणि सुरक्षितता यांच्या बेतानं. अंतिम शब्द त्याचा. दिवसाला सरासरी चार तासच नौका चालेल, असंही बहुधा लिहिलेलं असतं. म्हणजे पैसे भरणाऱ्याची अवस्था सत्यनारायणाला बसलेल्या यजमानासारखी आहे. खर्च सगळा त्याचा, पण पळीनं पाणी कधी सोडायचं ते गुरुजी सांगणार. मला ह्या नायकाविषयी प्रथमच थोडी सहानुभूती वाटली.

पण ह्या वाङ्मयाचा कळस तिसऱ्या खंडात आहे. त्याचं स्वरूप साध्या फॉर्मचं. पाहुण्यांच्या आवडीनिवडी विचारणारा हा फॉर्म प्रवासाआधी भरून पाठवायचा असतो. त्याची एक कोरी जादा प्रत आमच्या खातेदारांनी टेबलावरच विसरून ठेवली. मी फोन केला तर म्हणाले, "टाकून द्या हो." उत्तम वाङ्मयाची आपल्या समाजात अशी किंमत होते. मी ती घडी करून डब्याच्या पिशवीत घातली.

आता फॉर्म ह्या वाङ्मयप्रकारावर माझा थोडा अधिकार आहे. आमचे फॉर्म पाहा. वडिलांचं नाव, पॅन, कायमचा पत्ता, नामनिर्देशन. तुम्ही मेल्यावर पैसे कुणाला द्यायचे हे बँक पहिल्याच दिवशी विचारते; जिवंत असताना तुम्हाला काय हवं, हे बावीस वर्षांत कुणाला विचारलेलं मी पाहिलं नाही. आणि हा फॉर्म? सकाळी किती वाजता उठायला आवडतं? दूध कसलं? अंडं किती उकडलेलं? उशी मऊ की कडक? कुठली फुलं आवडतात? काय अजिबात आवडत नाही? संगीत कुठलं? सहलीत कुणाचा वाढदिवस येतो का? पोहता येतं का? एवढे प्रश्न आयुष्यात कुणी मला विचारले असते तर मी वेगळाच माणूस झालो असतो, असं त्या लोकलच्या गर्दीत मला वाटून गेलं.

रात्री जेवणं झाल्यावर मी चष्मा लावून फॉर्म भरायला बसलो. समीक्षकानं कलाकृतीत शिरलं पाहिजे म्हणतात. माझं पान दहा मिनिटांत भरलं. दुसरं पान सौभाग्यवतीचं. तेही मी भराभर लिहू लागलो. उठण्याची वेळ: साडेपाच. म्हटलं, रोज उठतेच की. नाश्ता: शिळी पोळी. फुलं ह्या रकान्यापाशी थोडा अडखळलो आणि 'देवाची' असं लिहिलं. पोहता येतं का? दोघांचं मिळून एकदाच: नाही.

"माझं काय लिहिताय एवढं?" ती ओटा पुसता पुसता म्हणाली. मी वाचून दाखवलं. पोहण्यापाशी ती थांबली.

"नाही का लिहिलंत?"

"येतं कुठे तुला?"

"येतं की. आजोळच्या विहिरीत शिकले, पाचवीत. पाठीला भोपळा बांधून. सुट्टी संपेपर्यंत भोपळा सोडला होता मी."

एकोणीस वर्षं संसार झाला आमचा. ह्या काळात आम्ही गणपतीपुळ्याला, तारकर्लीला आणि वर सांगितलेल्या अलिबागला जाऊन आलो. प्रत्येक वेळी मी आणि मुलगा कमरेइतक्या पाण्यात नाचत होतो आणि ही किनाऱ्यावर उभी होती. मला वाटे, भिते बिचारी.

"मग कधी पाण्यात का नाही उतरलीस?"

"चपला कुणी धरायच्या?" ती म्हणाली. रागानं नव्हे. माहिती म्हणून.

मला त्या दाराशी ठेवलेल्या टोपलीची आठवण झाली. विषय बदलावा म्हणून मी तिला नौकेवरच्या इतर गमती सांगू लागलो. म्हटलं, तिथले खलाशी राबतात भरपूर, पण त्यांचंही बघणारं कुणी आहे. सागरी श्रमांविषयीचा २००६ चा आंतरराष्ट्रीय करार आहे. धंद्यासाठी चालणाऱ्या नौकांवर दर चोवीस तासांत किमान दहा तास विश्रांती आणि सात दिवसांत सत्त्याहत्तर तास.

"दहा?" तिचा हात ओट्यावर थांबला. "कुणाला लागू आहे म्हणालात?"

"खलाशांना."

"असं होय," ती म्हणाली, आणि पुन्हा ओटा पुसू लागली.

समीक्षक म्हणून माझं मत असं, की ह्या फॉर्ममध्ये एक मोठा दोष आहे. तो एका माणसाचा दुसऱ्यानं भरता येतो. आमच्या बँकेत असला फॉर्म मी खिडकीतूनच परत केला असता: 'ज्याचा त्यानं भरावा, खाडाखोड चालणार नाही.' मी तिचं पान फाडलं. झेरॉक्स काढलेली नव्हती, म्हणून पाठकोऱ्या कागदावर पट्टीनं रेघा मारून सगळे प्रश्न मराठीत उतरवून काढले आणि पेनासकट तिच्यापुढे ठेवले.

आधी ती हसली. मग म्हणाली, "काहीतरीच तुमचं." मग म्हणाली, "उद्या बघू." आणि मग चष्मा शोधायला उठली. पाऊण तास लागला तिला. मधेच एकदा तिनं पेन खाली ठेवलं आणि बराच वेळ खिडकीकडे बघत राहिली. तो प्रश्न संगीताचा होता की उशीचा, ते मला नीट दिसलं नाही.

कागद माझ्या हाती आला तेव्हा साडेदहा वाजले होते. अक्षर माझ्यापेक्षा चांगलं. उठण्याची वेळ: आपोआप जाग येईल तेव्हा. नाश्ता: इडली, बाहेरची. फुलं: सुरंगी. अजिबात न आवडणाऱ्या वस्तूंत शिळी पोळी पहिली होती; बाकीची यादी मी इथे देत नाही, तीत माझ्या बहिणीचा एक पदार्थ आहे. पोहता येतं का: होय. आणि पेयं ह्या रकान्यात, जिथे ते लोक शॅम्पेनचं नाव आणि साल लिहितात, तिथे तिनं लिहिलं होतं: चहा, दुसऱ्या कुणीतरी केलेला.

मी उठून स्वयंपाकघरात गेलो. चहाची पूड सापडली. आलंही सापडलं. पाणी उकळायला लागल्यावर मी आतून हाक मारून विचारलं, "साखर किती घालू गं तुला?"

"फॉर्म बघा," ती बाहेरून म्हणाली.