द्वीपसमूहांच्या वर्गीकरणातील सांकर्य

उष्ण कटिबंधातील बेटांचे खंडीय, ज्वालामुखीय व प्रवाळी असे तीन वर्ग पाठ्यग्रंथांतून रूढ आहेत. वॉलेसने १८८० मध्ये मुख्य भेद दोनच मानले होते : खंडीय व महासागरी. बेटाचा भूखंडाशी पूर्वी संबंध होता की नव्हता, हा त्याचा मूळ प्रश्न. रूढ त्रिविभागात मात्र पहिले दोन वर्ग बेटाच्या पायावरून ठरतात आणि तिसरा माथ्यावरील द्रव्यावरून. न्यायशास्त्र ज्यास सांकर्य म्हणते तो हा दोष होय. पुण्याच्या शनिवार पेठेतील शनिवारवाड्याचा तट खाली दगडाचा व वर विटांचा आहे. म्हणून 'दगडी' आणि 'विटांचा' असे तटांचे दोन वर्ग केल्यास हा तट कोठे घालावा?

लक्षद्वीपाची स्थिती हीच आहे. पाण्यावर दिसते ती प्रवाळजन्य चुनखडी व वाळू, आणि तीही सर्व बेटे मिळून अवघी ३२ चौरस किलोमीटर. ज्वालामुखी खचत जातो, प्रवाळ वर वाढत राहते व अखेर कंकणाकृती बेट उरते, हे डार्विनने १८४२ मध्ये प्रतिपादले. पॅसिफिकमधील एनिवेटॉक येथे १९५२ मध्ये वेधन झाले, तेव्हा १,२०० मीटरांहून अधिक जाडीच्या चुनखडीखाली खरोखरच बेसॉल्ट लागला.

लक्षद्वीपाच्या पायाविषयी मात्र एकमत नाही. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी ज्या तप्तस्थळातून दख्खनचा लाव्हा बाहेर पडला, त्याच्यावरून भारतीय भूपट्ट उत्तरेकडे सरकत असता लक्षद्वीप, मालदीव व चागोस यांची रांग उमटली, असे एक मत आहे. ते तप्तस्थळ आज रीयुनियन बेटाखाली जागृत आहे. हे मत ग्राह्य धरल्यास वाड्याचा काळा पाषाण आणि लक्षद्वीपाचा पाया यांचा उगम एकच ठरतो. उलट, लक्षद्वीपाच्या कटकाखाली ताणून पातळ झालेले खंडीय कवच आहे, असे अन्य संशोधक मानतात. दोन्हींत तथ्य असल्यास हा द्वीपसमूह एकाच वेळी तिन्ही वर्गांत पडतो! विद्यार्थ्याने परीक्षेत त्यास निःशंकपणे 'प्रवाळी' म्हणावे, ही अपेक्षाच मुळात सदोष आहे.

विजयदुर्गच्या पश्चिमेस सुमारे १०५ किलोमीटरांवरील, कान्होजी आंग्र्यांच्या नावाने ओळखला जाणारा आंग्रिया बँक हा बुडालेला प्रवाळी पठारवजा उंचवटा तर कोणत्याच वर्गात येत नाही. त्याचा माथा सुमारे २० मीटर पाण्याखाली आहे. सुमारे २०,००० वर्षांपूर्वी समुद्राची पातळी आजच्याहून १२० मीटरांच्या आसपास खाली असता तो पाण्याबाहेर असणार. बेटांच्या सूचीतून त्यास वगळणारा निकष त्याच्या घडणीचा नाही, समुद्राच्या आजच्या पातळीचा आहे.