‘फूल खिले हैं गुलशन गुलशन’ : आपुलकीच्या मुलाखतीचे सामर्थ्य आणि मर्यादा

प्रास्ताविक

मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. त्याच वर्षी सुरू झालेला तबस्सुम यांचा ‘फूल खिले हैं गुलशन गुलशन’ हा गप्पांचा कार्यक्रम १९९३ पर्यंत चालला. भारतीय दूरचित्रवाणीवरील पहिला ‘टॉक शो’ म्हणून त्याचा गौरव होतो. या गौरवापाशी न थांबता त्याच्या संवादपद्धतीची चिकित्सा करणे हा प्रस्तुत टिपणाचा हेतू आहे.

विवेचन

तबस्सुम (१९४४–२०२२) स्वतः बालकलाकार होत्या. ‘दीदार’ (१९५१) मध्ये त्यांनी नायिकेच्या बालपणाची भूमिका केली होती. चित्रपटसृष्टीतील पाहुण्यांशी त्या घरच्या माणसाप्रमाणे बोलत. शेर, विनोद आणि मनमोकळे हास्य यांमुळे पाहुण्याचा संकोच दूर होई आणि पडद्यावरील ‘तारा’ प्रेक्षकाला माणूस म्हणून भेटे. हेच या कार्यक्रमाचे खरे सामर्थ्य होय.

मात्र मर्यादेचे मूळही याच आपुलकीत आहे. घरचे माणूस अडचणीचा प्रश्न विचारत नाही. मानधनातील विषमता, गटबाजी, प्रसिद्धीची किंमत असे विषय या शैलीत सहजी मावणारे नव्हते. शिवाय स्पर्धक वाहिनी नसल्याने या सौजन्याची कसोटीही लागली नाही. ‘झी टीव्ही’ अवतरली ती २ ऑक्टोबर १९९२ रोजी, म्हणजे बरोबर वीस वर्षांनी.

याच केंद्रावरील, विनायक चासकर यांच्या नावाशी निगडित असलेला ‘गजरा’ येथे तुलनेसाठी उपयुक्त ठरतो. त्यातील विनोदी प्रवेशांत लेखकाला चिमटा काढण्याची मुभा होती. म्हणजे एकाच केंद्रावर गप्पांकडे सौजन्य आणि प्रहसनाकडे थट्टा अशी विभागणी दिसते. २०१४ मध्ये सुरू झालेल्या ‘चला हवा येऊ द्या’ने या दोन्ही धारा एकत्र आणल्या. परंतु तेथील पाहुणा बहुधा नव्या चित्रपटाच्या प्रसिद्धीसाठी येई. परिणामी थट्टादेखील पाहुणचाराचाच भाग बने.

निष्कर्ष

जुना कार्यक्रम सभ्य आणि नवा उथळ, ही मांडणी अपुरी आहे. दोन्हींत अवघड प्रश्न टळतो. पूर्वी तो स्नेहापोटी टळला, आज व्यवहारापोटी टळतो. हा फरक मात्र लहान नाही, कारण स्नेहापोटी झालेल्या गप्पांतून निदान एक आयुष्य उलगडत असे. सावेडीसारख्या उपनगरातील आजच्या विद्यार्थ्याला हा कार्यक्रम ऐकीव आठवण म्हणूनच माहीत असणार. त्याला तो शिकवताना स्मरणरंजन टाळून एवढे विचारावे : या गप्पांत कोणता प्रश्न विचारला गेला नाही, आणि का?