शंभरांत तीस

टोकियोच्या आसाकुसा भागातलं सेन्सोजी हे मंदिर नशीब काढायला आलेल्या माणसाला फारसं गोंजारत नाही. तिथल्या ओमिकुजी, म्हणजे नशिबाच्या चिठ्ठ्या, शंभर. त्यांची वाटणी मंदिर उघड सांगतं: महाशुभ १७, शुभ ३५, अर्धशुभ ५, अल्पशुभ ४, अखेरीस शुभ ६, अखेरीस अल्पशुभ ३ आणि अशुभ ३०. दर दहा जणांत तिघांच्या हाती वाईट कागद पडणार, असा हा सरळ हिशेब. इतर अनेक देवस्थानांनी अशुभ चिठ्ठ्या कमी केल्या, काहींनी काढूनच टाकल्या. वर्षाच्या पहिल्या दर्शनाला आलेला माणूस तोंड पाडून घरी जाऊ नये, हा त्यामागचा व्यवहार. सेन्सोजीने जुनी वाटणी सोडली नाही. लोक कुरकुरतात, हसतात, एकमेकांना आपापलं अशुभ दाखवतात आणि डबा हलवायला पुन्हा इथेच येतात. मला हे मंदिर त्या हट्टासाठीच आवडतं. संग्रहातल्या कडू कविता गाळल्या की गोड कवितांचीही किंमत उतरते.

कविता हा शब्द मी सैलपणे वापरलेला नाही. ओमिकुजीवर आधी कविता असते, भविष्य मागून येतं. पण कवितेपर्यंत पोचायची वाटही पाहण्यासारखी आहे.

देवळाजवळ छोट्या छोट्या खणांची कपाटं मांडलेली असतात. फटीत १०० येनचं नाणं टाकायचं. टाकलं की नाही हे बघायला कोणी बसलेलं नसतं. मग धातूचा षट्कोनी डबा उचलायचा, मनात इच्छा धरायची आणि तो हलवायचा. आतल्या काड्या चांगल्याच खडखडतात. शेजारी चारपाच डबे एकदम हलत असले की देवळात आहोत की भांड्यांच्या दुकानात, असं वाटावं. डबा उलटा केला की टोकाच्या बारीक भोकातून एक काडी डोकं काढते. भोक इतकं बेताचं की काडी पहिल्या झटक्यात क्वचितच निघते. ती अडली की डबा पुन्हा सरळ, पुन्हा खडखडाट. काडीवरचा आकडा चिनी अंकांत असतो. जपानी न येणारे पाहुणे काडी खणाच्या पाटीशेजारी धरून रेघा जुळवत उभे राहतात. खण सापडला की वरचा कागद घ्यायचा, खण लावायचा आणि काडी आठवणीने डब्यात परत टाकायची. या शेवटच्या कृतीकडे कुणाचं फारसं लक्ष जात नाही. ती काडी परत गेली म्हणजे पुढच्या माणसाला पुन्हा पुरे शंभर पर्याय. आधीच्याने महाशुभ नेलं म्हणून तुमच्या वाट्याचं कमी झालं नाही, आणि त्याने अशुभ नेलं म्हणून तुमच्यावरचं टळलंही नाही.

आता कागद. सर्वांत वर क्रमांक आणि प्रत. डोळा तिथे जातो आणि बहुतेकांचा तिथेच थांबतो. प्रतीच्या सोबतीला चार ओळी, प्रत्येक ओळीत पाच चिनी अक्षरं. म्हणजे वीस अक्षरांत आटोपलेली चौपदी. ओळीओळीला जोडून जपानी गद्यात तिचा अर्थ, हल्ली जोडीला इंग्रजीही. मग कलमं: इच्छा, आजार, हरवलेली वस्तू, वाट पाहत असलेलं माणूस, नवं घर आणि घरबदल, प्रवास, लग्न. एवढ्याशा कागदावर एकामागून एक तीन जण बोलून जातात. कवी तुमच्याविषयी चकार शब्द काढत नाही, तो निसर्गातलं एखादं दृश्य मांडतो. भाष्यकार ते दृश्य माणसाच्या जगण्याजवळ आणतो. शेवटी ज्योतिषी येतो आणि दोन-दोन, तीन-तीन शब्दांत निकाल लावून मोकळा होतो.

कवीचा माल मर्यादित आहे. ढगाआडचा चंद्र, वठलेल्या झाडाला फुटलेली पालवी, वाऱ्यात सापडलेली होडी अशी चित्रं या चौपद्यांत फिरून फिरून येतात. एकाच चित्रावर शुभही उभं राहतं आणि अशुभही. चंद्र ढगात शिरतो आहे की ढगातून निघतो आहे, एवढ्यावर प्रत ठरते. शंभर चिठ्ठ्यांचा सगळा विचार मला या एका युक्तीत सापडतो. इथे नशीब हा माणसाच्या कपाळावरचा शिक्का नाही, तो ऋतू आहे. ‘अखेरीस शुभ’ ही प्रत अशाच विचारातून सुचू शकते. आज काही नाही, पुढे आहे, एवढंच ती सांगते. शंभरांत अशा चिठ्ठ्या सहाच ठेवल्या आहेत, याला मी रसिकता म्हणेन. महाशुभ मिळालेला माणूस फोटो काढतो आणि निघतो. ‘अखेरीस शुभ’ मिळालेला कागद दोनदा वाचतो.

पहिल्या क्रमांकाची चिठ्ठी महाशुभाची आहे. तिच्यात सप्तरत्नांचा स्तूप डोंगरमाथ्यावर उभा आहे आणि सगळ्यांच्या माना वर झाल्या आहेत. पण चौपदीचा शेवट या उत्सवात होत नाही. तो वाचणाऱ्याला ताकीद देऊन होतो. संग्रहाची पहिलीच कविता आणि तिच्या तोंडी बजावणी! पुढे काय वाढून ठेवलं आहे, त्याची कल्पना तिथेच येते.

कलमांकडे येतो. आजार, घर, प्रवास ही कुठल्याही भविष्यातली ठरलेली खाती. त्यांच्यामध्ये ‘वाट पाहत असलेलं माणूस’ हे कलम शांतपणे बसलेलं आहे. हे माणूस कोण, हे चिठ्ठी विचारत नाही. प्रियकर असेल, परदेशी गेलेला मुलगा असेल, पैसे घेऊन गायब झालेला मित्रही असेल. प्रत्येक जण कुणाची तरी वाट पाहतोच आहे हे तिने गृहीत धरलं आहे, आणि त्या गृहीतकाला आजवर कुणी आक्षेप घेतल्याचं दिसत नाही. उत्तर त्रोटक: येईल, उशिरा येईल, येणार नाही. शिंतो देवस्थानांच्या चिठ्ठ्यांवर हरवलेल्या वस्तूचं कलम याहून मजेदार असतं. तिथे सापडेल की नाही एवढ्यावर भागवत नाहीत. खाली कुठेतरी आहे, दोन वस्तूंच्या मधे अडकली आहे, असं चक्क सांगतात. अशी चिठ्ठी हातात आली की मनुष्य घरी जाऊन कपाटामागे हात घालतोच. काही चिठ्ठ्यांवर बाजारभावाचंही कलम असतं, विका की थांबा. ते वाचून कोणी शेअर विकत नसावं अशी आशा करू या.

या चौपद्यांचं मूळ जपानी नाही. त्या चीनमधून आल्या. तिथेही त्या ग्वानयिनच्या, म्हणजे जपानच्या कान्नोनच्या कृपेशी जोडलेल्या होत्या. जपानात त्यांना नाव मिळालं गान्झान दाइशींचं. दहाव्या शतकातले तेंदाइ पंथाचे महंत र्योगेन, त्यांचंच हे लोकप्रिय नाव. ते ९८५ साली नववर्षाच्या तिसऱ्या दिवशी गेले, म्हणून हे नाव पडलं. दंतकथा अशी की सतराव्या शतकात तेन्काइ या वजनदार भिक्षूच्या स्वप्नात र्योगेन आले आणि तोगाकुशीच्या देवापुढे ठेवलेल्या शंभर चौपद्यांचा ठावठिकाणा त्यांनी सांगितला. र्योगेनच्या हयातीत या चिठ्ठ्या अशा रूपात असाव्यात असं मानायला जागा कमी आहे, पण तेन्काइच्या काळापासून त्यांचा प्रसार झपाट्याने झाला हे खरं. हिएइ पर्वतावर योकावा इथे र्योगेनचं स्थान आहे आणि ते ओमिकुजीचं जन्मस्थान मानलं जातं. तिथे डबा तुमच्या हाती देत नाहीत. भिक्षू आधी तुमची अडचण ऐकून घेतो, चिठ्ठी तो काढतो आणि तिचं निरूपणही तोच करतो. सेन्सोजीच्या गर्दीत कागदावर छापून मिळतो तो भाष्यकार तिथे समोर बसलेला असतो.

सेन्सोजीची देवता कान्नोन म्हणजे आपला अवलोकितेश्वर. परंपरा सांगते की ६२८ साली सुमिदा नदीत दोन कोळी भावांच्या जाळ्यात ही मूर्ती आली. ती आजही कोणालाच दाखवत नाहीत. मराठी वाचकाने तिच्या गाभाऱ्यापुढे उभं राहून कान्हेरीचं ९० क्रमांकाचं लेणं आठवावं, किंवा औरंगाबाद लेण्यांतलं सातवं. तिथे हाच अवलोकितेश्वर मधे उभा आहे आणि दोन्ही बाजूंना संकटात सापडलेली माणसं त्याचा धावा करताहेत. कुणामागे हत्ती लागला आहे, कुणाला आगीने घेरलं आहे, कुणाचं जहाज बुडतं आहे. आसाकुसाच्या चिठ्ठीवरचा आजार आणि प्रवास हे त्या शिल्पपटाच्याच नात्यातले. माणसाच्या धास्त्यांची यादी तेराशे-चौदाशे वर्षांत फार बदललेली नाही. हत्ती तेवढा गेला.

कोकणात आणि गोव्यात देवाला कौल लावतात, त्याच्याशी ही चिठ्ठी ताडून पाहण्याचा मोह होतो. कौलात प्रश्न आधी स्पष्ट बोलावा लागतो. गुरव किंवा भटजी तो देवाच्या कानावर घालतात, आणि मूर्तीला लावलेली कळी वा पाकळी उजवीकडून पडली की होय, डावीकडून पडली की नाही. जमीन विकू का, मुलीला हे स्थळ देऊ का, असा रोकडा सवाल आणि रोकडा जबाब. ओमिकुजीला सवाल सांगावाच लागत नाही. ती सातही गोष्टींचं बोलते आणि तुमची गोष्ट कोणती, ते तुमच्यावर सोडते. निर्णय हवा असेल तर कौल केव्हाही सरस. चिठ्ठी त्या कामाची नाही. ती वाचायची असते.

वाचून झालं की काय करायचं, याचाही शिष्टाचार आहे. अशुभ चिठ्ठी लांब घडी घालून तिथल्याच तारांना बांधायची आणि ते अशुभ देवळाच्या हवाली करून जायचं. पूर्वी झाडांच्या फांद्यांना बांधत, पण झाडांचे हाल बघून अनेक ठिकाणी तारांचे मांडव उभे केले. सेन्सोजीचं सांगणं याहून शहाणं आहे. महाशुभ आलं म्हणून माजू नका, बेफिकिरीने त्याचं अशुभ होतं. अशुभ आलं म्हणून घाबरू नका, धीराने आणि नेकीने वागा. म्हणजे शंभर चिठ्ठ्यांची सगळी उतरंड मांडायची आणि वर तीच फारशी मनावर घेऊ नका म्हणायचं. हा मिश्कीलपणा मला फार आवडतो.

सेन्सोजीपासून चालत जाण्याच्या अंतरावर, नदीकाठच्या टेकाडावर मात्सुचियामा शोदेन आहे. ते चुकवू नये. शोदेन म्हणजे गणपती. मूर्ती इथेही झाकलेली असते. या देवतेचं रूप बहुधा आलिंगन दिलेल्या दोन गजमुखी आकृतींचं असतं. भाविक नैवेद्याला मोदक आणत नाहीत, भलामोठा पांढरा मुळा आणतात. पायऱ्यांवर, कठड्यांवर जिथे तिथे मुळ्यांची जोडी आणि पैशाची थैली कोरलेली. आपल्याकडच्या जुन्या मूर्तिशास्त्रातही गणपतीच्या हाती मुळा सांगितला आहे. आपण तो विसरलो, त्यांनी जपला. आसाकुसाच्या गर्दीतून इथे आलं की अगदी घरच्यासारखं वाटतं, आणि मुळ्याच्या वासाने तर जास्तच.

बाकीच्या ठिकाणांविषयी थोडक्यात. क्योतोच्या फुशिमी इनारीला प्रतींची चैन आहे. ‘आधी अशुभ, मग महाशुभ’ अशीही एक प्रत तिथे मिळते. एकाच प्रतीत कथानक बसवण्याची ही करामत दाद देण्याजोगी. किफुने इथे कोरा दिसणारा कागद पाण्यावर ठेवला की अक्षरं उमटतात. स्थान पाण्याच्या देवाचं, तेव्हा कल्पना शोभते, पण अक्षरं उमटण्याच्या मजेत अक्षरं काय म्हणतात तिकडे दुर्लक्ष होतं. टोकियोच्या मेइजी जिंगूने १९४७ पासून वेगळाच मार्ग धरला. तिथल्या चिठ्ठीवर शुभ नाही, अशुभ नाही. सम्राट मेइजी आणि सम्राज्ञी शोकेन यांच्या ३० वाका कवितांपैकी एक असते, आणि खाली तिचा बोध. कवितेचा मान राखला, पण धाकधूक गेली. वर ‘अशुभ’ असं छापलेलं असलं की पुढच्या चार ओळी माणूस जीव मुठीत धरून वाचतो. काव्याला असा वाचक एरवी कुठे मिळतो? मेइजी जिंगूचा कागद सुंदर आहे, आणि मी तो घडी घालून लगेच खिशात टाकतो.

हे कागद छापतं कोण, याची कथा मात्र कुठल्याही चौपदीहून सरस आहे. जपानभरच्या देवस्थानांतल्या अर्ध्याहून अधिक ओमिकुजी यामागुची प्रांतातल्या डोंगराळ गावातल्या एका संस्थेतून येतात. तिचं नाव जोशिदोशा. तिथल्या शिंतो देवस्थानाचे पुजारी मियामोतो शिगेताने यांनी विसाव्या शतकाच्या सुरुवातीला स्त्रियांना सार्वजनिक जीवनात आणि पौरोहित्यात स्थान मिळावं म्हणून चळवळ उभी केली आणि १९०६ च्या सुमाराला स्त्रियांसाठी मासिक काढलं. मासिकाला पैसा लागतो, आणि सुधारणेच्या मासिकाला तर तो नेहमीच कमी पडतो. पुजारीबुवांनी ओमिकुजी छापून विकायला काढल्या. चिठ्ठ्यांवरच्या कविता बऱ्याचशा त्यांच्या घरातल्याच. स्त्रियांना पौरोहित्याची वाट दुसऱ्या महायुद्धानंतर मोकळी झाली, आणि चिठ्ठ्या आजही गावातल्या बायका घरी बसून हाताने घड्या घालून तयार करतात. चिठ्ठीत महाशुभ आहे की अशुभ, हे घडी घालणारीला दिसत असणार. तिला घडी मात्र दोन्हींची सारखीच घालावी लागते, आणि मजुरीही तेवढीच मिळते.