स्थिर शिड्यांवरील पतनसंरक्षण : अमेरिकन नियमाची चिकित्सा

प्रस्तावना :
कारखान्यातील टाक्या, धुराडी व सायलो यांवर चढण्यासाठी कायमस्वरूपी जोडलेली उभी लोखंडी शिडी वापरली जाते. आपल्याकडील कारखान्यांत तिला ‘मंकी लॅडर’ म्हणतात. तिच्याभोवतीचा लोखंडी कड्यांचा पिंजरा हेच दीर्घकाळ पतनसंरक्षणाचे साधन मानले गेले. अमेरिकेच्या व्यावसायिक सुरक्षा व आरोग्य प्रशासनाच्या २०१६ च्या नियमाने या समजुतीस छेद दिला. प्रस्तुत लेखात त्या नियमाची चिकित्सा केली आहे.

नियमाचे स्वरूप :
१९७१ च्या मानकानुसार २० फुटांहून उंच शिडीस पिंजरा आवश्यक होता. २०१६ च्या नियमाने ही मर्यादा २४ फूट केली आणि १९ नोव्हेंबर २०१८ पासून बसविल्या जाणाऱ्या अशा शिड्यांवर शिडी-सुरक्षा प्रणाली किंवा वैयक्तिक पतनरोधक प्रणाली अनिवार्य केली. जुन्या पिंजऱ्यांना मात्र १८ नोव्हेंबर २०३६ पर्यंत मुदत दिली.

चिकित्सा :
पडणाऱ्या माणसाला थांबविणारा कोणताही भाग पिंजऱ्यात नसतो. २४ फुटांवरून पडणारे शरीर ताशी सुमारे ४३ किलोमीटर वेगाने जमिनीवर आदळते. वाटेत कड्यांचा मार बसतो तो वेगळाच. याउलट शिडी-सुरक्षा प्रणालीत रुळावर किंवा तारदोरावर सरकणारी पकड हार्नेसला जोडलेली असते व ती २ फुटांच्या आत पतन रोखू लागते.

पिंजरा पडणे टाळत नाही आणि पडल्यावर इजेपासून वाचवीतही नाही, हे प्रशासनाने स्वतःच मान्य केले. तरीही त्याला सुमारे वीस वर्षांचे अभय मिळाले. जुन्या शिड्या कालांतराने बदलाव्याच लागतात, त्यामुळे खर्चाचा भार हलका होतो, हे त्यामागील समर्थन व्यवहार्य आहे. परंतु त्यात लोखंडाचे आयुष्य हे मोजमाप ठरते, कामगाराचे नव्हे. शिवाय शिडीचा जो भाग बदलला जाईल, तेवढ्यापुरती नवी प्रणाली बसविण्याची तरतूद दुरुस्तीच लांबणीवर टाकण्याचा मोह निर्माण करू शकते.

समारोप :
नियमाचे तांत्रिक निदान अचूक, परंतु उपचार विलंबित आहे. शिडीची उंची, वापराची वारंवारता व गंज यांनुसार मुदतीचे टप्पे ठरविले असते, तर सर्वाधिक धोक्याच्या शिड्या प्रथम सुरक्षित झाल्या असत्या. केवळ प्रणाली बसविणेही पुरेसे नाही; हार्नेसची तपासणी, प्रशिक्षण व लटकलेल्या कामगाराच्या तत्काळ सुटकेची व्यवस्था यांवाचून संरक्षण अपुरेच राहते.