कोळीगीतांची कॅसेट: कुटुंबात कोण, बाहेर कोण?

आज विषय साधा आहे, गाण्यांचं संकलन. आपल्या शेलारला किंवा भिवंडीच्या कुठल्याही गावात हळद असली की 'नॉनस्टॉप कोळीगीतं' लागतात. आता बघा, नाचणारे बहुतेक आगरी. आगर म्हणजे मिठागर, त्यावरून आगरी. मिठागर आणि भातशेती हा यांचा पिढीजात धंदा, मासेमारी कोळ्यांची. तरी नाव मात्र 'कोळीगीत'. हे नाव दिलं कोणी?

न्यूयॉर्कचं उदाहरण घेऊ. 1964 साली जॉनी पाचेको आणि जेरी मासुची यांनी फानिया ही रेकॉर्ड कंपनी काढली. क्यूबाचा सोन, ग्वाराचा, मांबो, पोर्तो रिकोचा बोंबा, हे सगळं पुढे 'साल्सा' या एका नावानं विकलं गेलं. साल्सा म्हणजे खायचा सॉस! टिटो प्वेंतेंसारख्या जुन्या वादकांना हे नाव रुचलं नाही. पण त्याच नावाखाली परक्या शहरातले लॅटिन लोक एकत्र आले, हेही खरं.

विटगेनस्टाइन म्हणतो, एका नावाखालच्या गोष्टींत एकच समान गुण असावा लागत नाही, कुटुंबातल्या चेहऱ्यांसारखं साम्य पुरतं. कबूल. पण रेशनकार्डावर नावं कोण चढवतो? संकलन करणारा.

साठ मिनिटांच्या कॅसेटनं मोठं काम केलं. रेडिओच्या निवडीची वाट न बघता 'वेसावकर आणि मंडळी' घरोघरी पोचली. शांता शेळके यांनी लिहिलेलं, हृदयनाथ मंगेशकरांनी स्वरबद्ध केलेलं 'मी डोलकर' आणि वस्तीतलं गाणं एका पंगतीला बसलं. संकलनाची गोडी यातच आहे. गाणारा कोण, लिहिणारा कोण, हे ठाऊक नसलं तरी माणूस 'ही आमची गाणी' म्हणू शकतो.

पण पंगतीत धवला नाही. धवलारीण लग्नात एकेका विधीला धवला गाते. तो विधीच्या चालीनं चालतो, त्याला नाचाचा ठेका नाही. म्हणून नॉनस्टॉपमध्ये त्याला जागा नाही. आणि जे संकलनात नाही ते हळूहळू 'आपलं गाणं' या व्याख्येतूनच गळतं. माझा आक्षेप एवढाच आहे. नाचाला माझी ना नाही.

तुमच्यापैकी पुष्कळ जण आज मोबाईलवर गाण्यांच्या याद्या करतात, म्हणजे तुम्हीही संकलकच. तेव्हा घरातल्या, गावातल्या धवलारणीचा आवाज भरून घ्या. तिला विचारून तिचं नाव, गाव आणि कोणत्या विधीचा धवला तेही लिहा. मग नॉनस्टॉप खुशाल लावा.