हिरवा सूर्य आणि सोन्याचें फळ

हिरवा सूर्य उगवला असें लिहिणें कोणासहि सोपें आहे. पण ज्या जगांत तो हिरवा सूर्य वाचकास खरा वाटेल असें जग उभें करणें हें मोठ्या बुद्धीचें व कष्टाचें काम होय, अशा आशयाचा मार्मिक विचार ऑक्सफर्डचे प्राध्यापक टोलकीन यांनीं परीकथांवरील आपल्या १९४७ सालच्या निबंधांत मांडला आहे. ही कसोटी त्यांच्या स्वतःच्या सूर्यास लावली तर तो तिला उतरतो काय? हा प्रश्न केवळ टीकाकाराचा नव्हे. ह्या सूर्याविषयींची सर्वांत कठोर शंका खुद्द त्याच्या निर्मात्यासच आली होती.

टोलकीन १९७३ सालीं वारले. त्यानंतर त्यांचे चिरंजीव क्रिस्टोफर यांनीं १९७७ सालीं प्रसिद्ध केलेल्या ‘सिल्मरिलियन’ ग्रंथांत ह्या सूर्याची जन्मकथा आहे. आरंभीं जगांत सूर्यचंद्र नव्हते. पश्चिमेच्या देवभूमींत दोन वृक्ष होते, एक रुपेरी व एक सोनेरी, आणि त्यांच्या तेजानेंच ती भूमि उजळत असे. मत्सरानें पेटलेल्या मेल्कोरनें एका राक्षसी कोळिणीच्या साहाय्यानें ते वृक्ष मारले. त्यांचें तेज आतां फक्त फेअनोर नांवाच्या कारागिरानें घडविलेल्या तीन रत्नांत उरलें होतें. तीं रत्नें फोडूं दिलीं तर वृक्ष पुन्हां जगतील, असें त्यास सांगण्यांत आलें. त्यानें नकार दिला. वस्तुतः तीं रत्नें त्यापूर्वींच चोरीस गेलीं होतीं, पण ही वार्ता त्यास अजून कळली नव्हती. म्हणजे त्याच्या होकारानें वृक्ष वांचले नसते. मात्र तो स्वतः कदाचित् वांचला असता. शेवटीं मरतां मरतां रुपेरी वृक्षानें एक फूल व सोनेरी वृक्षानें एक फळ दिलें. तें फूल चंद्र झालें आणि तें फळ सूर्य.

माझ्या मतें ह्या प्रतीकाचें सारें सामर्थ्य येथें आहे. इतर कल्पित कथांतून सूर्य हें विजयाचें चिन्ह असतें; ढालीवर कोरावें, पताकेवर रंगवावें आणि शत्रूस दिपवावें, एवढेंच त्याचें काम. टोलकीनांचा सूर्य हा अवशेष आहे. एकाचा मत्सर व दुसऱ्याचा लोभ यांतून जें वांचलें तें हें फळ. त्याचा प्रकाश पाहून अमर एल्फांस गेलेल्या तेजाची आठवण होते आणि आपला ऱ्हासकाळ जवळ आल्याचें कळतें. उलट मर्त्य मानव मात्र त्याच्या पहिल्या उदयाबरोबर जागा होतो. एकाची सायंकाळ ती दुसऱ्याची पहांट, हा भाव एका फळांत साठविणें सामान्य प्रतिभेचें काम नव्हे.

हें फळ आकाशांतून नेणारी आरिएन ही स्त्री आहे. आपल्या भाषेंत सूर्य पुल्लिंगी असल्यामुळें मराठी वाचकास हें चमत्कारिक वाटेल. पण ज्या प्राचीन इंग्रजीचें टोलकीन अध्यापन करीत, तींत सूर्यवाचक शब्द स्त्रीलिंगीच आहे. आपल्या पुराणांनीं सूर्याच्या रथावर पांगळा अरुण बसविला. टोलकीनांनीं अशी अग्निकन्या बसविली कीं, जिला मेल्कोर कधीं भुलवूं शकला नाहीं. दोन्हीकडे सारथ्याच्या निवडींतच अर्थ भरलेला आहे.

आतां ती शंका. १९५० नंतरच्या दशकाच्या उत्तरार्धांत टोलकीनांस वाटूं लागलें कीं, पृथ्वी गोल आहे व सूर्य तिच्याहून कितीतरी मोठा आहे हें शाळेंतील पोरहि जाणतें. अशा काळीं ज्ञानी एल्फांच्या तोंडीं सूर्य म्हणजे झाडाचें फळ ही कथा कशी शोभेल? म्हणून सूर्य आरंभापासूनच आहे, मेल्कोरनें त्यास भ्रष्ट केलें आणि वृक्षांत त्याचें पूर्वीचें निर्मळ तेज राखलें गेलें, अशी नवी मांडणी त्यांनीं करून पाहिली. ती अपुरीच राहिली. हे कागद क्रिस्टोफर यांनीं १९९३ सालीं छापले.

ह्या नव्या मांडणींतहि गांभीर्य आहे, हें नाकारतां येत नाहीं. रोज अंगावर पडणारा प्रकाशच डागाळलेला आहे, ही कल्पना भयंकर आहे. तरीहि सुधारणा पुरी झाली नाहीं याचें मला समाधान वाटतें. ज्योतिषास खूष करण्यासाठीं काव्यानें आपला सूर्य बदलला, तर ज्योतिषास कांहीं मिळत नाहीं आणि काव्याचें मात्र सर्वस्व जातें. सूर्य फळ नव्हे, हें आपणांस ठाऊक आहेच. पण ऐन वेळीं मूठ न उघडल्यामुळें माणूस काय गमावतो, हें आपण वारंवार विसरतों. तें ज्ञान देण्यास दुर्बीण उपयोगी पडत नाहीं. तेथें फळच लागतें.

टोलकीनांनीं स्वतःची कसोटी चुकीच्या दगडावर घासली, एवढाच त्यांचा दोष. कल्पित सूर्य खरा वाटावा तो आपल्या आकाशांतील सूर्यासारखा दिसतो म्हणून नव्हे, तर त्याच्या उजेडांत त्या जगांतील माणसांचीं सुखदुःखें स्पष्ट दिसतात म्हणून. त्या कसोटीस हें सोन्याचें फळ पूर्णपणें उतरतें.