‘हमारा शहर’: पडद्यावरून आलेला प्रश्न

आनंद पटवर्धन यांचा ‘हमारा शहर’ हा अनुबोधपट १९८५ सालचा. मुंबईतील झोपडपट्ट्यांत व पदपथांवर राहणाऱ्यांची घरे पाडली जातात आणि तीच माणसे पुन्हा बांबू-चटया जमवू लागतात, एवढाच त्याचा विषय. अलीकडे आमच्या धर्मग्रामातील तरुणांसमवेत आम्ही तो पुन्हा पाहिला. शेवटी एकाने विचारले, ‘पण ही माणसे शहरात आलीच कशाला?’

हा प्रश्न जुनाच आहे. जुलै १९८१ मध्ये तत्कालीन मुख्यमंत्री अंतुले यांनी पदपथवासीयांना हटवून मूळ गावी धाडण्याचे जाहीर केले, तेही ऐन पावसाळ्यात. पत्रकार ऑल्गा टेलिस व इतरांनी न्यायालयात धाव घेतली. जुलै १९८५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने उपजीविकेचा हक्क हा जगण्याच्या हक्काचाच भाग असल्याचा निर्वाळा दिला; मात्र अतिक्रमणे हटविण्याचा पालिकेचा अधिकारही उचलून धरला. तत्त्व गरिबांच्या पदरी पडले, जागा पडली नाही.

या चित्रपटात आम्हांस एक उणीव जाणवते. झोपड्यांविषयी नाके मुरडणाऱ्या सुखवस्तूंची वक्तव्ये अशा खुबीने गुंफली आहेत की, प्रेक्षक त्यांना हसून मोकळा होतो. आपणही त्यांच्यातलेच, हे त्याला उमगत नाही.

ही उणीव भरून काढते ती एक संतप्त स्त्री. गरिबांची चित्रे टिपून तुम्ही नाव कमवाल, आमच्या हाती काय येणार, असे ती कॅमेऱ्यामागच्या माणसालाच सुनावते. पटवर्धनांनी हा प्रसंग कापला नाही, यातच त्यांच्या कलेचा सच्चेपणा आहे. तिचा सवाल दिग्दर्शकापाशी थांबत नाही. दारिद्र्यावर प्रवचने करणाऱ्या आम्हां धर्मगुरूंनाही तो झोंबतो.

त्या तरुणाला आम्ही एवढेच म्हणालो: गोव्याहून पोटासाठी मुंबईस आलेल्या आपल्याच बांधवांना धोबी तलाव परिसरातील कुडांनी पथारी टाकण्यापुरती जागा दिली होती. त्यांना कोणी ‘आलात कशाला’ म्हणून दाराबाहेर ठेवले असते तर? ज्यांच्या वाडवडिलांना आसरा लाभला, त्यांनी तरी हा प्रश्न जपून विचारावा.